कोणं सांगतलं होतं तुले? शेजाऱ्याच्या वावरातल्या चराचा खर्च आणि करार कायद्याचं कलम ७०

वर्धा जिल्ह्यात हिंगणघाट तालुक्यातली, वणेच्या खोऱ्यातली भारी काळी जमीन. उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि जुलैत लागोपाठ दोन झडी आल्या की तीच जमीन चिबडते. सोयाबीन पिवळं पडतं, तूर उबळते, निंदणाला बाया वावरात उतरूही शकत नाहीत. अशा जमिनीत पाण्याला वाट काढून देणं म्हणजे अर्धी शेती. ती वाट मात्र बहुतेक वेळा शेजाऱ्याच्या वावरातून जाते आणि भांडणही तिथूनच सुरू होतं.

पुढे दिलेलं प्रकरण हे एका खटल्याचं जसंच्या तसं वर्णन नाही. धुऱ्यावरून (दोन वावरांमधल्या बांधावरून), नाल्यावरून, पांदणीवरून तालुक्याच्या कोर्टात जे वाद येतात, त्यांतले धागे एकत्र करून ते मांडलं आहे. रुपयांचे आकडे हिशेब समजावा म्हणून धरलेले आहेत. कलमं आणि निकाल तेवढे खरे.

काय घडलं

दोन वावरं एकाला एक लागून. वरच्या अंगाला भाऊंचं सहा एकर, खालच्या अंगाला गुरुजींचं चार एकर. पश्चिमेला दोघांनाही लागून नाला. भाऊंच्या वावराचा सगळा उतार एका कोपऱ्यात येतो आणि तिथून पाणी जायला जुना चर होता, धुऱ्याच्या गुरुजींकडच्या बाजूनं थेट नाल्यापर्यंत. गुरुजी जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त होऊन वर्ध्याला राहायला गेले आणि वावर दरसाल मक्त्यानं, म्हणजे ठरीव रकमेवर कसायला, देऊ लागले. एका सालासाठी आलेला मक्तेदार चर कशाला उपसेल? चर बुजला. नाल्यात गाळ साचला, त्यावर बेशरमाची झुडपं माजली. पाणी तुंबायला लागलं, आधी गुरुजींच्या वावरात आणि मग मागे सरकत भाऊंच्या.

एका मे महिन्यात भाऊंनी जेसीबी लावली. नाला त्यांनी आपल्या हद्दीपुरता उपसला आणि तसाच पुढे गुरुजींच्या हद्दीसमोरही, कारण पुढे गाळ ठेवला तर मागचा उपसून उपयोग नव्हता. १४ तास, तासाला १,२०० रुपये, म्हणजे १६,८००. मग जुना चर पुन्हा खणला: ३०० फूट लांब, ५ फूट रुंद, सगळा गुरुजींच्या वावरात. नाल्याच्या तोंडाशी सिमेंटचे पाइप बसवले. जेसीबीचे १० तास म्हणजे १२,०००, पाइप आणि मजुरी ९,६००, मिळून २१,६००. गुरुजींचा फोन नंबर भाऊंकडे होता. फोन केला नाही.

पेरणीच्या सुमारास गुरुजी गावात आले, धुऱ्यावर उभे राहिले आणि म्हणाले, "कोणं सांगतलं होतं तुले?" भाऊ त्यांचेच विद्यार्थी. "गुरुजी, तुमचंच वावर सुधरलं ना," एवढंच ते बोलले. गुरुजी पुटपुटले, पण चर बुजव असं म्हणाले नाहीत. त्याच आठवड्यात पानठेल्यावर कोणीतरी छेडलं तेव्हा भाऊ चारचौघांत बोलून गेले, "गुरुजींनी मले शिकवलं, त्यायच्यासाठी एवढं तं करावंच लागते." हे वाक्य लक्षात ठेवा. पुढे ते महागात पडणार आहे.

त्या सालचं पीक दोन्ही वावरांत चांगलं झालं. नाला खोल झाल्यानं गुरुजींच्या विहिरीचं पाणी जास्त दिवस टिकलं आणि मक्तेदारानं रब्बीत चणा घेतला. ऑक्टोबरात भाऊंनी व्हॉट्सअ‍ॅपवर हिशेब पाठवला: एकूण ३८,४००, निम्मे तुम्ही द्यावे. गुरुजींचं उत्तर आलं, "काम चांगले झाले. खर्चाचे दिवाळीला बसून बघू." दिवाळी आली आणि गेली, बसणं झालं नाही. पुढच्या मक्त्याला गुरुजींनी एकरी ९,००० चे १२,००० केले.

दुसऱ्या वर्षी मे महिन्यात गुरुजींच्या मुलाचा भाऊंना फोन आला. "काका, आमच्या वावराच्या मधात पाणी थांबते. तुमची जेसीबी लागलीच आहे तर एक आडवा चर काढून तुमच्या चराला जोडून द्या. किती होते ते बाबांना सांगा." भाऊंनी तीन तास मशीन चालवली, जोडावर छोटं चेंबर बांधलं, ६,२०० रुपये लागले. बिल गेलं आणि गुरुजी बिथरले. पोराला कोणी अधिकार दिला होता? चर माझ्या वावरात, माझी जमीन गेली, उलट मीच पैसे मागायला पाहिजे.

आता भाऊही पेटले. वकिलामार्फत नोटीस गेली, मागणी ७२,००० रुपयांची: दोन हंगामांत गुरुजींच्या वावराचं जे उत्पन्न वाढलं, त्याचा निम्मा हिस्सा.

मागणीच चुकीच्या टोकानं

नोटीस वाचल्यावर पहिली अडचण दिसते ती ही. 'माझ्या कामानं तुझा फायदा झाला, तर फायद्यात माझा वाटा' हे ऐकायला न्याय्य वाटतं, पण तसा कायदा नाही. इंग्रजी कायद्यात तर मुळात उलटंच गृहीत धरलेलं आहे: न सांगता केलेल्या कामाचे पैसे मागता येत नाहीत. १८५६ च्या टेलर विरुद्ध लेअर्ड या खटल्यात न्यायाधीश पोलॉक यांनी विचारलं होतं, कोणी तुमचे बूट न विचारता पुसून ठेवले, तर ते पायात घालण्याशिवाय तुम्ही काय करणार? बूट घातले म्हणजे पुसल्याचे पैसे कबूल केले असं होत नाही.

आपल्याकडे वाट थोडी रुंद आहे. भारतीय करार कायदा, १८७२ मधलं कलम ७० सांगतं की एखाद्यानं दुसऱ्यासाठी कायदेशीरपणे काही केलं, ते फुकट करण्याचा त्याचा इरादा नव्हता आणि दुसऱ्यानं त्याचा लाभ घेतला, तर लाभ घेणाऱ्यानं त्याची भरपाई करावी किंवा वस्तू असेल तर परत द्यावी. करार लागत नाही, आधी विनंती केलेली असावी असंही कलमात लिहिलेलं नाही. कलमाखाली दोन उदाहरणं आहेत. व्यापारी चुकून माल दुसऱ्याच्या घरी टाकून गेला आणि घरमालकानं तो आपलाच समजून वापरला, तर पैसे द्यावे लागतात. दुसऱ्याची मालमत्ता आगीतून वाचवली, पण परिस्थितीवरून ते फुकट केलेलं दिसत असेल, तर काही मिळत नाही. भाऊंचं प्रकरण या दोन उदाहरणांच्या मधोमध कुठेतरी पडतं.

या कलमावरचा पायाभूत निकाल म्हणजे पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध बी. के. मंडल अँड सन्स, एआयआर १९६२ सर्वोच्च न्यायालय ७७९. बहुमताचा निकाल न्या. प्र. बा. गजेंद्रगडकरांनी लिहिला. ठेकेदारानं नागरी पुरवठा खात्याच्या अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून बांधकामं केली. त्या अधिकाऱ्यांना करार करण्याचा अधिकार नव्हता, त्यामुळे १९३५ च्या भारत सरकार कायद्याप्रमाणे वैध करारच झाला नव्हता. पण सरकारनं ती बांधकामं वापरली. कोर्टानं सरकारला पैसे द्यायला लावले. त्यातला आपल्या उपयोगाचा भाग असा: ज्याच्यावर जबाबदारी टाकायची, त्याला ते काम किंवा ती वस्तू नाकारण्याची मुभा असते. त्यानं नाकारलं तर कलम लागू होत नाही. आपखुशीनं स्वीकारलं, तरच जबाबदारी येते. दुसऱ्याच्या कामात नसती लुडबुड करणाऱ्याला हे कलम बळ देत नाही.

म्हणून अशा वादात मी आधी किती फायदा झाला ते विचारत नाही. नाही म्हणायची संधी शेजाऱ्याला कधी मिळाली आणि मिळाली तेव्हा त्यानं काय केलं, हे विचारतो. हा प्रश्न सगळ्या ३८,४०० ला किंवा ७२,००० ला एकत्र लावून चालत नाही. प्रत्येक कामाला वेगळा लावावा लागतो, आणि मग तिन्ही कामांची उत्तरं तीन निघतात.

नाला: एक रुपयाही नाही

नाल्याच्या खर्चावर भाऊंचा सगळ्यात जास्त जोर होता, कारण विहिरीचं पाणी टिकलं ते सगळ्यांनी पाहिलं होतं. पण नेमका हाच भाग सगळ्यात कच्चा आहे.

विहिरीत पाणी वाढलं ते गुरुजींनी नाकारावं कसं? स्वतःच्या विहिरीतून पाणी उपसणं बंद करावं? नाकारायला जागाच नाही, म्हणजे स्वीकारलं असंही म्हणता येत नाही. अमेरिकेतल्या मेन राज्यात १८८८ साली अल्मर विरुद्ध फार्न्सवर्थ हा अगदी याच जातीचा खटला झाला. एकानं आपल्या खाणीतलं पाणी पंपानं उपसलं, त्यामुळे शेजारची खाणही आपोआप कोरडी झाली. शेजाऱ्याला फायदा झाला हे उघड होतं, तरी खर्च मिळाला नाही. आपलं काम आपल्यासाठी करताना बाजूला सांडलेला फायदा शेजाऱ्याच्या खात्यावर मांडता येत नाही. तो निकाल आपल्या कोर्टावर बंधनकारक नाही, पण तर्क तोच लागतो.

त्यात आणखी एक काटा. नाला भाऊंचाही नाही आणि गुरुजींचाही नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २० प्रमाणे सार्वजनिक नदी-नाले राज्य सरकारचे. परवानगी न घेता सरकारी नाल्यात जेसीबी घातली, तर कलम ७० मधल्या 'कायदेशीरपणे' या अटीवरच बोट ठेवलं जाईल. शिवाय गाळाबरोबर मुरूम निघाला आणि तो कुठे वाहून नेला असेल, तर गौण खनिजाचं कलम ४८ मागे लागतं, आणि त्यातला दंड भाऊंच्या मागणीपेक्षा मोठा होऊ शकतो. सरकारी योजनेतून नाला खोलीकरण होतं तेव्हा शेजारी-पाजारी कोणी कोणाला पैसे मागत नाही. इथेही मागू नयेत, आणि तहसील कार्यालयासमोर हा विषय तर काढूच नये. मला विचारलं तर या १६,८०० चं नाव नोटिशीत घ्यायलाच नको होतं.

चर: खरी कुस्ती इथे

चराचं काम वेगळं. तो गुरुजींच्या जमिनीत आहे, डोळ्यांना दिसतो, आणि नको असेल तर बुजवताही येतो. नाकारण्याची संधी इथे होती. गुरुजी धुऱ्यावर उभे राहिले, "कोणं सांगतलं होतं तुले" म्हणाले, म्हणजे हरकतीचा सूर लावला, पण बुजव म्हणाले नाहीत. त्यानंतर मक्ता वाढवला. वर्षभरानं त्यांच्याच मुलानं त्या चराला आपला आडवा चर जोडून घेतला. नको असलेल्या चराला कोणी दुसरा चर जोडून घेत नाही. स्वीकाराचा पुरावा म्हणून मला ही जोडणी व्हॉट्सअ‍ॅपच्या निरोपापेक्षा भारी वाटते.

'दुसऱ्यासाठी' या अटीवर गुरुजींचे वकील म्हणतील की चर भाऊंनी स्वतःसाठी खणला. खरं आहे, पण अर्धं. कामात स्वतःचं हित होतं एवढ्यानं दावा पडत नाही. याचं सगळ्यात जवळचं उदाहरण ब्रिटिश काळातल्या मद्रासचं आहे: दामोदर मुदलियार विरुद्ध सेक्रेटरी ऑफ स्टेट, १८ मद्रास ८८. एका तलावावर काही गावं सरकारची आणि काही जमीनदाराची भिजत होती. सरकारनं तलावाची दुरुस्ती केली. जमीनदारानं सांगितलं नव्हतं, सरकारनं स्वतःच्या गावांसाठीही ती केली होती, तरी कलम ७० खाली जमीनदाराला वाटा द्यावा लागला. मात्र त्या दुरुस्तीवाचून तलावच टिकला नसता, हे विसरून चालणार नाही. चराच्या बाबतीतही भाऊंना दाखवावं लागेल की दोन्ही वावरं वाचायला तो लागतच होता, आपली सोय म्हणून काढलेला नव्हता.

आता पानठेला. 'गुरुजींनी मले शिकवलं' हे वाक्य ऐकलेले दोन साक्षीदार उभे राहिले, तर फुकट करण्याचा इरादा नव्हता ही अट डळमळते. इरादा काम करतानाचा बघतात, पाच महिन्यांनी हिशेब पाठवतानाचा नाही. गावात याचकडे सगळ्यात कमी लक्ष जातं. औदार्य चारचौघांत बोलून दाखवायचं आणि बिल नंतर काढायचं, हे कोर्टात जमत नाही.

यावर भाऊंकडे एक उतारा होता, आणि तो त्यांच्या वकिलाच्या नोटिशीत नव्हता. करार कायद्याचं कलम २५ पोटकलम (२). एरवी मोबदल्याशिवाय दिलेलं वचन करार होत नाही, पण ज्यानं आपल्यासाठी आधीच आपणहून काही केलं आहे, त्याला भरपाई देण्याचं वचन मात्र मोबदल्याशिवायही बंधनकारक असतं. कायद्यातलं उदाहरण असं: 'अ' ला 'ब' ची पडलेली पिशवी सापडली, त्यानं ती परत दिली, 'ब' नं पन्नास रुपये देईन म्हटलं, हा करार झाला. म्हणजे काम फुकट केलेलं असलं, तरी नंतर दिलेलं वचन त्याला पैशाचं रूप देऊ शकतं. गुरुजींनी "खर्चाचे दिवाळीला बसून बघू" या ऐवजी "माझ्या वाट्याचे दिवाळीला देतो" लिहिलं असतं, तर वाद जवळपास संपला होता. 'बघू' हे वचन ठरवायला कोर्टाला बराच ताण घ्यावा लागेल. मात्र 'काम चांगले झाले' ही स्वीकाराची कबुली आहे आणि कलम ७० साठी ती उपयोगी पडते. असा निरोप पुराव्यात आणायचा तर भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं. नुसता फोन पुढे करून भागत नाही.

उरला कायदेशीरपणाचा मुद्दा. दुसऱ्याच्या वावरात न विचारता जेसीबी घालणं म्हणजे सरळ अतिक्रमण, मग ते 'कायदेशीरपणे केलेलं' कसं? इथे भाऊंच्या वकिलाला मोह होतो तो जुन्या चराचा. आमचं पाणी पिढ्यानपिढ्या इथून जातं, तो आमचा सुविधाधिकार (दुसऱ्याच्या जमिनीतून पाणी किंवा वाट नेण्यासारखा हक्क) आहे, म्हणून उपसायचा हक्कही आमचा. विदर्भात यासाठी तलाठ्याकडे वाजिब-उल-अर्ज तपासायला सांगतात. गावातल्या पाण्याच्या आणि वाटेच्या वहिवाटी त्यात नोंदलेल्या असतात आणि संहितेच्या कलम १६५ नं त्याला स्थान आहे. भारतीय सुविधाधिकार कायदा, १८८२ हाही मध्य प्रांतात, म्हणजे आपल्या वर्धा-नागपूर भागात, पहिल्या दिवसापासून लागू होता. मुंबई इलाख्यात तो नंतर, १८९१ च्या कायद्यानं गेला. त्या कायद्याच्या कलम २४ प्रमाणे हक्कदाराला आपला हक्क टिकवण्यासाठी लागणारं काम शेजाऱ्याच्या जमिनीत जाऊन करता येतं, शेजाऱ्याला होईल तेवढा कमी त्रास देऊन.

पण याच कायद्याचं पुढचंच पान उलटा. कलम २५: सुविधाधिकार वापरण्यासाठी किंवा टिकवण्यासाठी लागणाऱ्या कामाचा खर्च हक्कदारानंच सोसायचा. म्हणजे जुना चर हा आमचा हक्क असं सिद्ध केलं की अतिक्रमणाचा डाग धुऊन निघतो आणि त्याच क्षणी खर्चाची मागणीही धुऊन जाते. हक्क नाही म्हटलं तर खर्च मागता येईल, पण अतिक्रमण गळ्यात. दोन्ही बाजूंनी टोचणारं हे काटेरी कुंपण ओलांडायचं कसं?

माझ्या मते वाट निघते ती काळात. मे महिन्यात भाऊ आत शिरले तेव्हा काम बिनपरवानगीचं होतं. पण गुरुजींनी चर पाहून तो राहू दिला, चांगलं झालं म्हणाले, त्यावर मक्ता वाढवला आणि शेवटी आपला चर जोडून घेतला. तिथून पुढे तो चर दोघांचा झाला. भाऊंच्या एकट्याच्या पाण्यासाठी जेवढा लागतो त्यापलीकडचा, गुरुजींच्या पाण्यानं वापरलेला भाग, हा सुविधाधिकाराच्या खर्चात बसत नाही. तेवढ्यापुरता कलम ७० चा दावा तग धरतो. पूर्ण २१,६०० चा नाही, निम्म्याचाही नाही.

गुरुजींची जमीन गेल्याची तक्रारही हवेतली नव्हती. ३०० फूट गुणिले ५ फूट म्हणजे १,५०० चौरस फूट, दीड गुंठ्याला थोडं कमी. चार एकरांत ते फार नाही, पण 'शून्य' लिहिता येत नाही.

आडवा चर

यावर फार लिहायला नको. मुलानं सांगितलं, भाऊंनी केलं, पैसे किती ते बाबांना सांगा असं मुलगाच म्हणाला. शब्दांनी ठरलं नाही तरी वागण्यातून ठरलेला करार, करार कायद्याचं कलम ९. मुलाला अधिकार नव्हता हा गुरुजींचा बचाव मंडल खटल्यातल्या सरकारच्या बचावासारखाच आहे. सांगणाऱ्याला अधिकार नव्हता, तरी ज्याच्यासाठी काम झालं त्यानं ते ठेवून घेतलं. गुरुजींनी चेंबर उखडून टाकलं नाही, त्यावरून अजून पाणी जातंय. पूर्ण ६,२०० येणं.

लाभ नक्की कोणाला

भाऊंच्या नोटिशीतला ७२,००० चा आकडा इथे कोसळतो. दोन हंगामांतलं वाढीव पीक कापलं ते मक्तेदारानं. चणा मक्तेदाराच्या घरी गेला. गुरुजींच्या हाती आला तो फक्त वाढीव मक्ता, एकरी ३,०००, चार एकरांचे वर्षाला १२,०००, तोही दुसऱ्या सालापासून. पिकाचा वाटा मागायचा तर मक्तेदाराला प्रतिवादी करावं लागेल, आणि तो म्हणेल की मी तर वाढीव मक्ता भरून बसलो आहे. मक्त्याच्या व्यवहारात बहुतेक ठिकाणी कागद नसतो, म्हणून मक्ता वाढला हेही तोंडी साक्षीवरच सिद्ध करावं लागतं.

आणि मुळात कलम ७० फायद्याचा वाटा देतच नाही, केलेल्या कामाची वाजवी भरपाई देतं. पीक बुडालं असतं तर भाऊंनी तोटा वाटून घेतला असता का? नाही. मग नफ्यावर हक्क कशाच्या जोरावर? मागणी ७२,००० ऐवजी खर्चाच्या आकड्यांवर ठेवली असती, तर गुरुजी इतके बिथरलेही नसते असं मला वाटतं.

काय ठरलं

दावा दाखल करायच्या आधीच प्रकरण तालुका विधी सेवा समितीच्या लोकअदालतीत ठेवलं. यात शहाणपण होतं. मुदतीच्या कायद्याप्रमाणे अशा मागणीला तीन वर्षं मिळतात आणि ती अजून संपलेली नव्हती, पण एवढ्या रकमेसाठी दिवाणी कोर्टात कोर्ट कमिशनर, मोजणी, साक्षीपुरावे असं सगळं करायचं तर खर्च मागणीच्या वर जातो. लोकअदालतीचा निवाडा विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम २१ प्रमाणे हुकूमनाम्यासारखा असतो आणि त्यावर अपील नाही.

तिथे पहिला तासभर नाल्यावरच गेला. भाऊ म्हणत होते की विहिरीचं पाणी सगळ्या गावानं पाहिलं. पॅनेलवरच्या निवृत्त न्यायाधीशांनी विचारलं, "नाल्याची परवानगी कोणाची घेतली होती?" भाऊंनी नाला सोडला.

मग हिशेब कागदावर आला. आडव्या चराचे ६,२०० पूर्ण. मोठ्या चराचे २१,६०० क्षेत्राच्या प्रमाणात वाटले, सहा एकर आणि चार एकर, म्हणजे गुरुजींकडे ८,६४०. त्यातून दीड गुंठ्याचा मुद्दा आणि न विचारता शिरल्याची खंत म्हणून कमी करून ७,२००. एकूण १३,४००, दोन हप्त्यांत. पुढची उपसणी दर मे महिन्यात दोघांनी निम्मी-निम्मी. मशीन लावायच्या आधी भाऊंनी फोन करायचा, हे गुरुजींनी आग्रहानं लिहून घेतलं. मुलगा सोबत होता, त्यानं हप्त्याचे पैसे तिथल्या तिथे फोनवरून पाठवले. गुरुजींनी त्याच्याकडे पाहिलं, पण बोलले नाहीत.

असं कुणाच्याही वावरात होणार असेल तर जेसीबी लावायच्या आधी एक निरोप पाठवावा: काय करणार, किती लागेल, तुमच्या वाट्याचे किती, पटत नसेल तर आत्ता सांगा. उत्तर नाही आलं तरी तो निरोप फुकट करण्याचा इरादा नव्हता याचा पुरावा होतो आणि समोरच्याला नाही म्हणायची जागा देतो. पाण्याची वाट कोणी मुद्दाम माती टाकून अडवली असेल, तर आपण जेसीबी घालण्यापेक्षा तहसीलदाराकडे मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली जावं. सहा महिन्यांच्या आत मात्र. शेजाऱ्याच्या जमिनीतून नवा पाट न्यायचा असेल तर संहितेचं कलम ४९ आहे.

एक गोष्ट निवाड्यात आली नाही आणि ती पुढे त्रास देईल. गुरुजींचा मुलगा वावर विकायच्या विचारात आहे. लोकअदालतीत ठरलं ते भाऊ आणि गुरुजी यांच्यात. नवा मालक पहिल्याच पावसाळ्यात चर बुजवायला निघाला, तर निम्म्या उपसणीचं कलम त्याला बांधणार नाही. तसंच उद्या त्यानं चर वापरला तरी गुरुजींकडे मागितलेले पैसे त्याच्याकडे मागता येणार नाहीत, कारण कलम ७० ची जबाबदारी माणसावर असते, सातबाऱ्यावर नाही. परवानगीवर केलेल्या पक्क्या कामाला सुविधाधिकार कायद्याच्या कलम ६० चा थोडा आधार आहे, पण तिथे पुन्हा प्रश्न येतो की परवानगी दिली कधी आणि कोणी. चराचा हक्क जमिनीबरोबर जावा असं वाटत असेल तर दोघांनी सुविधाधिकाराचा नोंदणीकृत लेख करून तो विक्रीआधी दुय्यम निबंधकाकडे नोंदवावा, असं दोघांनाही सांगितलं आहे. लेख करायला दोघं तयार आहेत. मुद्रांकाचा खर्च कोणी करायचा, यावर बोलणी चालू आहेत.